नरकाची मुदत

पुण्याचा चांदणी चौक सोडून पौड रस्त्याला लागलं की आधी भूगाव येतं, मग भुकूम. या रस्त्यावर वाढदिवसाच्या शुभेच्छांच्या रंगीत फ्लेक्सशेजारी काळ्या-पांढऱ्या रंगातले फ्लेक्सही उभे असतात. वर फोटो, खाली 'दशक्रिया विधी', तारीख, सकाळची वेळ, नदीकाठच्या घाटाचं नाव आणि शेवटी प्रवचनकार ह.भ.प. अमुक महाराज. इथे, मुळशी तालुक्यात, दहावा हा एका घरापुरता विधी राहत नाही. गाव जमतं, पाव्हणेरावळे येतात, माणसं सतरंज्यांवर दाटीवाटीने बसतात. एका कडेला पिंड मांडलेले असतात आणि प्रवचन ऐकता ऐकता सगळ्यांची नजर अधूनमधून कावळ्याकडे वळते. त्या तासाभरात यम, चित्रगुप्त, वैतरणी, कुंभीपाक ही नावं हमखास कानावर पडतात.

मराठी घरातल्या मुलाला नरक भेटतो तो बहुतेक याच्याही आधी, दिवाळीत. नरकचतुर्दशीला सूर्य उगवायच्या आत अभ्यंगस्नान झालं नाही तर नरकात जाशील, असं आजी बजावते. मूल कुडकुडत उठतं, उटणं लावून घेतं, अंगठ्याखाली कारीट फोडतं. एखादं चौकस पोर मात्र विचारतं, "नरकात जाईन, पण किती दिवस?"

हा प्रश्न भल्याभल्या तत्त्वज्ञांनी हजारो वर्षं चिवडला आहे. नरकात काय होतं याची वर्णनं जगभर एकमेकांसारखीच आहेत: आग, अंधार, किडे, उकळतं तेल, दुर्गंधी. माणसाच्या शरीराला जे सोसवत नाही, तेच सगळीकडे नरकात गेलं आहे. पण नरक किती काळ टिकतो या एका प्रश्नावर धर्मांच्या वाटा अशा काही फुटतात की त्या फाट्यावर उभं राहिलं की थक्क व्हायला होतं.

आपल्या घाटावरूनच सुरुवात करू. मृत्यूनंतर घरात गरुडपुराण वाचतात, तेव्हा हातात असतो तो बहुधा नौनिधिराम यांनी केलेला सोळा अध्यायांचा 'सारोद्धार'. विष्णू गरुडाला मेलेल्या माणसाची वाट समजावून सांगतो आहे, अशी त्याची मांडणी. भीतीदायक म्हणून तो प्रसिद्ध आहे, आणि तो भीतीदायक आहेच. पण शांतपणे वाचला तर त्यात एक अतिशय काटेकोर हिशेब दिसू लागतो.

त्या हिशेबात पहिले दहा दिवस शरीर घडण्याचे. जुना देह जळून गेला, आता वाटचालीसाठी दुसरा हवा, आणि तो मुलाने रोज दिलेल्या एकेका पिंडातून तयार होतो. पहिल्या दिवशी डोकं, दुसऱ्या दिवशी मान आणि खांदे, तिसऱ्या दिवशी हृदय, चौथ्या दिवशी पाठ, पाचव्या दिवशी नाभी, मग कंबर, मांड्या, गुडघे, पावलं. हातभर लांबीचा देह. दहाव्या दिवशी त्यात येतात भूक आणि तहान. हे वाचल्यावर घाटावरचं ते ताटकळणं मला वेगळंच दिसू लागलं. ज्याला आत्ताच, या सकाळी, पहिल्यांदा भूक लागली आहे, त्याच्या पहिल्या घासासाठी सगळं गोत थांबलेलं असतं. कावळा लवकर शिवला नाही की माणसं कासावीस होतात. "पोरीचं लग्न आम्ही करू", "धाकट्याला सांभाळू" अशी वचनं देऊ लागतात. त्या कासाविशीमागे हा सगळा हिशेब उभा आहे.

तेराव्या दिवशी जीव निघतो. यमपुरी ८६,००० योजनं दूर. त्याची चाल दिवसरात्रीला २४७ योजनं. हे दोन आकडे ग्रंथात आहेत. भागाकार आपण करून पाहावा. उत्तर येतं ३४८ दिवस. त्यात घराभोवती घुटमळण्याचे पहिले बारा दिवस मिळवा, बेरीज होते ३६०. यज्ञकर्मात जे जुनं 'सावन' वर्ष धरतात, ते बरोबर ३६० दिवसांचं! आपण वर्षश्राद्ध वर्षाने का करतो, याचं उत्तर या भागाकारात बसलेलं आहे. माणूस पोहोचायला तेवढा काळ लागतो. तोवर तो वाटेवर असतो, थकलेला, आणि मागच्यांनी महिन्या-महिन्याला दिलेल्या पिंडावर जगत असतो.

त्या वाटेवर सोळा गावं आहेत आणि त्यांना नावं आहेत. पहिलं सौम्यपूर. तिथे पुष्पभद्रा नदी आहे, प्रियदर्शन नावाचा वड आहे. वडाखाली जीव टेकतो आणि त्याला बायकोमुलं आठवतात. पुढे गंधर्वपूर, क्रौंचपूर, क्रूरपूर, दुःखद, नानाक्रंद, शीताढ्य; नावांवरूनच कळतं की रस्ता बिकट होत चालला आहे. मध्यावर वैतरणी आडवी येते. शंभर योजनं रुंद, पाण्याऐवजी रक्त आणि पू. काठावर नावाडी उभे असतात आणि एकच गोष्ट विचारतात: गाय दान केली होतीस का? म्हणून आपल्याकडे मरणाऱ्याच्या हातून वैतरणीचं गोदान करवतात. गाईची शेपटी धरून पलीकडे जायचं.

याच नावाची नदी महाराष्ट्रात वाहते. त्र्यंबकच्या डोंगरांत उगम पावणारी वैतरणा. मोडकसागर हे तिच्यावरचं धरण, आणि मुंबईच्या घराघरात नळ सोडला की येणाऱ्या पाण्यात तिचं पाणी असतं. पुराणातली जी नदी पार करायला गाय लागते, तिच्याच नावाची नदी एका महानगराची तहान भागवते.

यमपुरीत पोहोचल्यावर थेट शिक्षा नाही, आधी खटला. चित्रगुप्ताची वही सर्वांना ठाऊक आहे, पण साक्षीदारांची यादी फार थोड्यांना. सूर्य, चंद्र, अग्नी, वारा, आकाश, पृथ्वी, पाणी, माणसाचं स्वतःचं हृदय, दिवस, रात्र, दोन्ही संधिकाळ. शिवाय श्रवण नावाचे देव, जे दूरवरचं बोलणंही ऐकतात. एकांत नावाची गोष्टच शिल्लक राहू नये, अशी ही व्यवस्था आहे. काळोखात केलेल्या कर्माला रात्र स्वतःच साक्षीला उभी राहते. ही कल्पना ज्याला प्रथम सुचली, त्याच्या बुद्धीपुढे मान लववावी.

मग नरक. मनुस्मृतीच्या चौथ्या अध्यायात २१ नावं आहेत, भागवताच्या पाचव्या स्कंधाच्या शेवटच्या अध्यायात २८. सारोद्धार चौऱ्यांशी लाख म्हणतो आणि त्यांतले मुख्य २१ सांगतो. तामिस्र, अंधतामिस्र, रौरव, महारौरव, कालसूत्र, असिपत्रवन... भागवतातली यादी वाचताना लक्षात येतं की ही समाजाच्या तक्रारींची यादी आहे. जो जिवंत पशुपक्षी शिजवतो, तो कुंभीपाकात उकळत्या तेलात. जो दुसऱ्याला न देता एकटाच खातो, तो किड्यांच्या कुंडात किडा होऊन. दारी आलेल्या पाहुण्याकडे जो डोळे वटारून पाहतो, त्याचे डोळे गिधाडं उपसतात. पैशाने ताठलेला, सतत संशयी, संपत्ती राखत बसलेला माणूस सूचीमुखात जातो आणि यमदूत विणकऱ्यासारखे त्याचं अंग दोऱ्याने शिवतात. खोटी साक्ष देणारा आणि व्यवहारात खोटं बोलणारा अवीचीत जातो: शंभर योजनं उंच कड्यावरून खाली डोकं करून फेकला जातो. खाली पाण्यासारखं लकाकतं, पण तो असतो दगड. आणि जो राजा किंवा राजाचा अधिकारी निरपराध माणसाला दंड करतो, त्याची जागा सूकरमुख. तिथे त्याचे अवयव उसासारखे पिळून काढतात.

हे शेवटचं मला फार मोलाचं वाटतं. ज्या काळी राजाला शिक्षा करू शकेल असं कोर्ट पृथ्वीवर नव्हतं, त्या काळी लोकांनी ते पृथ्वीच्या खाली बांधलं.

पण या यादीला दुसरी बाजूही आहे, आणि ती झाकून नरकावर लिहिणं अप्रामाणिकपणाचं होईल. भागवतातही ब्राह्मणाच्या देहाला धक्का लावणाऱ्या राजाला निरपराधाला छळणाऱ्याच्याच रांगेत बसवलं आहे. मनुस्मृती सांगते की जो शूद्राला धर्म सांगेल, तो त्या शूद्रासकट असंवृत नावाच्या अंधाऱ्या नरकात बुडेल. म्हणजे विद्या देणं हे पाप आणि घेणं हेही. जुलमी राजाला धाक घालणारं हत्यार इथे सगळ्यात दुबळ्या माणसाकडे रोखलेलं आहे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली मनुस्मृतीचं दहन झालं, तेव्हा त्या आगीत हा धाकही जळला. कित्येक पिढ्या अक्षरापासून दूर ठेवलेल्या माणसांनी परलोकातल्या शिक्षेची धमकी उघडपणे नाकारली होती.

आता त्या पोराच्या प्रश्नाकडे. किती दिवस?

भागवत त्या अध्यायाच्या शेवटी सांगतं की अधर्माने वागणारे एकामागून एक या नरकांत जातात आणि उरलेलं कर्म घेऊन पुन्हा इथेच, पृथ्वीवर, जन्माला येतात. म्हणजे नरक हा मुक्काम आहे. तो सहस्रावधी वर्षांचा असेल, पण त्याला दुसरं टोक आहे. या मातीत वाढलेल्या धर्मांनी ही मुदत जिवाच्या आकांताने लांबवली; ती संपलीच पाहिजे ही अट मात्र मोडली नाही. जैनांकडे पाहा. एकाखाली एक सात नरकभूमी: रत्नप्रभा, शर्कराप्रभा, वालुकाप्रभा, पंकप्रभा, धूमप्रभा, तमःप्रभा, महातमःप्रभा. प्रत्येकीतलं जास्तीत जास्त आयुष्य ठरलेलं आहे: अनुक्रमे १, ३, ७, १०, १७, २२ आणि ३३ सागरोपम. सागरोपम म्हणजे किती? आधी पल्य समजून घ्या. एक योजन लांब, रुंद आणि खोल खड्डा. तो नुकत्याच जन्मलेल्या कोकराच्या केसांच्या बारीकात बारीक तुकड्यांनी दाबून भरलेला. दर शंभर वर्षांनी एक तुकडा काढायचा. खड्डा रिकामा व्हायला जो काळ लागेल, तो झाला पल्याचा प्राथमिक हिशेब. त्यावर आणखी गुणाकार, आणि मग अशा पल्यांचे दहा कोटी-कोटी म्हणजे एक सागरोपम. कोल्हापूर-सांगलीकडच्या जैन घरांत पाठशाळेतली मुलं या सात भूमींची नावं पाठ म्हणतात.

बौद्धांच्या सुत्तनिपातात कोकालिकाची गोष्ट आहे. या भिक्षूने सारिपुत्त आणि मोग्गलान यांची निंदा केली आणि तो पदुम नरकात गेला. एका भिक्षूने बुद्धाला नेमका आपल्या पोराचाच प्रश्न विचारला: तिथे किती काळ राहावं लागतं? बुद्ध म्हणाला, वर्षांत सांगणं अवघड आहे. मग उपमा देता येईल का? बुद्धाने दिली. कोसल देशातल्या मापाने वीस खारी तिळांनी भरलेली गाडी. दर शंभर वर्षांनी एक तीळ काढायचा. गाडी रिकामी होईल, पण अब्बुद नरकातली मुदत तेवढ्यात संपणार नाही. आणि अब्बुद हा सगळ्यात छोटा. त्याच्या वीसपट निरब्बुद, त्याच्या वीसपट अबब, मग अहह, अटट, कुमुद, सोगंधिक, उप्पल, पुंडरीक आणि शेवटी पदुम. नऊ वेळा वीसपट. गुणाकार केला तर पदुमची मुदत अब्बुदच्या ५१,२०० कोटी पट होते.

कोकराचे केस असोत की गाडीभर तीळ, दोन्हीकडे युक्ती एकच: अशी राशी रचा की ती संपताना मनाला दिसूच नये, पण ती संपते हे बुद्धीला नाकारता येऊ नये. अनंत म्हणणं किती सोपं होतं! एक शब्द, आणि काम झालं. तो सोपा शब्द टाळून या लोकांनी एवढे प्रचंड आकडे रचले, कारण त्यांना दोन गोष्टी एकदम राखायच्या होत्या. भीती पूर्ण हवी, आणि न्यायही पूर्ण हवा. कर्म मोजता येण्याजोगं असेल, तर त्याचं फळही मोजता येण्याजोगंच असलं पाहिजे.

आपल्याकडे याला एक ठसठशीत अपवाद आहे: तेराव्या शतकातले मध्वाचार्य. काही जीव स्वभावतःच तमोयोग्य असतात आणि ते कायमचे अंधतमसात जातात, असं द्वैतमत मानतं. वेदान्ताच्या मोठ्या आचार्यांमध्ये असं म्हणणारे ते एकटेच. त्यांचे अनुयायी आपल्या कर्नाटक सीमेलगतच्या जिल्ह्यांत आजही आहेत.

मराठी भाषेत न संपणारा नरक ठळकपणे मांडला गेला तो समुद्रमार्गे आलेल्या धर्माबरोबर. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ साली गोव्यात पोहोचला. त्याने उरलेलं आयुष्य तिथेच, बरंचसं साष्टीत, काढलं आणि आपली भाषा अशी आत्मसात केली की जवळजवळ अकरा हजार ओव्यांचं 'ख्रिस्तपुराण' मराठीत लिहिलं. ते १६१६ साली रायतूरला छापलं गेलं. सृष्टीच्या आरंभापासून ख्रिस्ताच्या पुनरुत्थानापर्यंतची कथा, ज्ञानेश्वरांच्या छंदात. विचार करा, त्या काळचा साष्टीतला श्रोता पिढ्यान्‌पिढ्या ओवीतून कथा ऐकत आलेला. त्याच ओवीत आता त्याला नवा काळ सांगितला जात होता: जन्म एकदाच, मरण एकदाच, निवाडा एकदाच. गोव्यातल्या ख्रिस्ती कोंकणीत नरकाला आजही यमकोंड म्हणतात. यमाचं नाव राहिलं, पण त्या कुंडाचं दार बाहेरून बंद झालं.

का झालं? याची उत्तरं युरोपात हजार वर्षं घडत आली होती. मत्तयाच्या शुभवर्तमानातल्या २५व्या अध्यायाच्या शेवटी दुष्टांसाठी सार्वकालिक शिक्षा आणि नीतिमानांसाठी सार्वकालिक जीवन एकाच दमात सांगितलं आहे. पाचव्या शतकात संत ऑगस्टीनने 'देवाचं नगर' या ग्रंथाच्या एकविसाव्या भागात त्यावर बोट ठेवलं: शिक्षेला शेवट आहे म्हणाल, तर सुखालाही शेवट मानावा लागेल. अकराव्या शतकातल्या अन्सेल्मचा विचार आणखी वेगळा. अपराधाचं वजन ज्याचा अपराध झाला त्याच्या थोरवीवर ठरतं. देव अनंत, म्हणून त्याच्याशी केलेला द्रोहही मोजमापापलीकडचा. याउलट तिसऱ्या शतकातल्या ऑरिजेनने आशा धरली होती की शेवटी सगळेच जीव, अगदी पडलेले देवदूतसुद्धा, देवाकडे परततील. सहाव्या शतकात चर्चने ही आशा पाखंड ठरवली.

या दोन्ही बाजू वाचल्यावर मला वाटतं, खरा मतभेद दयेचा किंवा क्रौर्याचा नाहीच. तो काळाच्या आकाराचा आहे. ज्याच्या लेखी काळ रहाटगाडग्यासारखा फिरतो, त्याला कुठलाच पोहरा कायमचा तळाशी ठेवता येत नाही. तो भरून वर येणारच. ज्याच्या लेखी काळ सरळ जातो आणि एके दिवशी संपतो, त्याच्याकडे त्या दिवसानंतर मुदत मोजायला दिवसच उरत नाहीत. निवाड्याच्या क्षणी माणूस जिथे असेल, तिथेच राहतो. नरक किती दिवसांचा, हे विचारण्याआधी दिवस किती आहेत हे विचारावं लागतं.

आणि तरीही, न संपणारा नरक मानणाऱ्यांनासुद्धा मुदतीवाचून करमलं नाही. कॅथलिक पंथात बाराव्या शतकाच्या सुमारास शुद्धिस्थानाची कल्पना पक्की झाली. ज्यांची पापं प्राणघातक नाहीत त्यांनी तिथे तावून-सुलाखून निघायचं आणि मग स्वर्गात जायचं. २ नोव्हेंबरला गोव्यात, वसईत, कबरींवर मेणबत्त्या लावून मृतांसाठी प्रार्थना होते, ती या शुद्धिस्थानातल्यांसाठी. नरकात गेलेल्यासाठी प्रार्थना नसते. तिचा उपयोगच नाही. हे पाहिलं की आपल्या घाटावरच्या पिंडाचं मर्म नीट कळतं. मागे राहिलेल्यांना गेलेल्यासाठी काही करता येणं, हे मुदत असेल तरच शक्य आहे. जन्मठेपेतल्या कैद्यालाही डबा पोहोचवता येतो, पण जिथे निकाल अखेरचा झाला, तिथे मुलाच्या हातचा पिंड पोहोचत नाही.

इस्लामी परंपरेतही जहन्नम बहुतेकांच्या मते कायमचं. पण कुराणात त्या वर्णनाला एका ठिकाणी 'तुझ्या प्रभूची इच्छा असेल ते सोडून' अशी जोड आहे, आणि तेवढ्या फटीतून मोठी चर्चा झाली. चौदाव्या शतकात इब्न कय्यिम यांच्यासारख्या कडव्या विद्वानाने, आग अखेर विझेल, या मताच्या बाजूने सविस्तर युक्तिवाद मांडले.

पुण्याशी या विषयाचं एक जुनं नातं आहे, आणि ते फारसं कुणाला ठाऊक नसतं. पारशांचा 'अर्दा विराफ नामा' हा पहलवी भाषेतला नरकप्रवासाचा ग्रंथ. विराफ नावाच्या सज्जन माणसाला धर्मगुरू गुंगीचं पेय देतात. सात दिवस त्याचा देह निपचित पडून राहतो आणि आत्मा स्वर्ग-नरक पाहून येतो. उठल्यावर तो लेखनिकाला सगळं सांगतो. या ग्रंथाची पाठशुद्ध आवृत्ती १८७२ साली निघाली. संहिता सिद्ध केली पुण्याचे पारशी दस्तूर होशंगजी जामास्पजी यांनी. तिच्यावर काम करून भाषांतर केलं मार्टिन हाउग आणि ई. डब्ल्यू. वेस्ट यांनी, आणि हाउग हे पुण्यातच संस्कृतचे प्राध्यापक होते. दान्तेचा नरक जगाला माहीत आहे. त्याच्याशी तुलना होणारा हा प्राच्य नरक पुण्यातल्या एका धर्मगुरूच्या मेजावर अक्षर अक्षर लावून सिद्ध झाला.

त्यातलं एक दृश्य शेतकऱ्याच्या पोराने तर वाचावंच. दावानोस नावाचा आळशी माणूस. त्याचं सगळं शरीर नरकातले प्राणी कुरतडत आहेत, फक्त उजवं पाऊल सोडून. का? आयुष्यात त्याने एकच चांगलं काम केलं होतं. नांगराला जुंपलेल्या बैलापुढे त्या पायाने गवताची पेंढी सरकवली होती. एवढ्या एका ढकलण्याची नोंद झाली, आणि तेवढं पाऊल वाचलं. पारशी धर्मात नरकही संपणारा आहे. जगाच्या शेवटी वितळलेल्या धातूची नदी सगळ्यांवरून जाईल. सज्जनांना ती कोमट दुधासारखी लागेल, दुर्जन तिच्यात शुद्ध होतील, आणि मग नरकाची जागाच स्वच्छ होईल.

मराठीत नरक रिकामा करण्याचं स्वप्न पाहिलं ज्ञानेश्वरांनी. १२९० साली नेवाशाला सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीच्या नवव्या अध्यायात, नामाचा गजर करणाऱ्या भक्तांचं वर्णन करताना ते सांगतात की पापच न उरल्याने प्रायश्चित्ताचा व्यापार बसला, यमाला काम राहिलं नाही आणि यमलोकाकडे जाणारी रहदारी थांबली. मुळशीतल्या घाटांवर दहाव्याचं प्रवचन करणारे बहुतेक वारकरी परंपरेतले असतात. त्यांच्या तोंडी अजामिळाची गोष्ट येते: मरताना मुलाला 'नारायण' म्हणून हाक मारली आणि यमदूतांना रिकाम्या हाती परतावं लागलं. गरुडपुराणातली भीती आणि ज्ञानोबांची निर्भयता एकाच तासात, एकाच सतरंजीवर शेजारी बसतात. मला यात विसंगती दिसत नाही. भीतीने हिशेब शिकवला, भक्तीने तो फेडण्याची वाट दाखवली.

नरक पाहून परत आलेल्यांच्या कथा अनेक आहेत. महाभारताच्या शेवटी युधिष्ठिराला स्वर्गात दुर्योधन दिसतो, आणि भाऊ व द्रौपदी यांचे आवाज नरकातून ऐकू येतात. माझ्या इथे असण्याने यांना बरं वाटत असेल तर मी इथेच राहतो, असं सांगून तो परतायला नकार देतो. मग कळतं की ते क्षणभराचं होतं. द्रोणाला अर्धसत्य सांगितल्याबद्दल त्याला नरक पाहावा लागला. दान्ते गेला, विराफ गेला, युधिष्ठिर गेला. हे सगळे पाहुणे. शिक्षा भोगून, मुदत पुरी करून आलेला साक्षीदार यांत कुणीच नाही.

असा साक्षीदार मला मार्कंडेय पुराणात भेटला. सुमती नावाचा मुलगा. लोक त्याला मंद समजतात, कारण तो गप्प असतो. बाप त्याला वेद शिकायला सांगतो, तेव्हा तो तोंड उघडतो आणि म्हणतो, मला मागचे जन्म आठवतात. याआधीच्या सातव्या जन्मी मी वैश्य होतो. गाई पाण्यावर आल्या असता मी त्यांना पिऊ दिलं नाही, आणि त्याबद्दल नरकात पडलो. शंभराहून अधिक वर्षं गेली. मग एके दिवशी अचानक गार वारा आला आणि आमच्या अंगाची आग थांबली. पाहिलं तर एका यमदूताबरोबर एक राजा चालला होता. विदेहाचा विपश्चित. एका बारीकशा दोषासाठी त्याला तेवढाच वेळ तिथून जायचं होतं, आणि त्याच्या अंगावरून येणारा वारा आम्हाला लागला होता. तो निघाला तसे सगळे ओरडले, थोडं थांबा. तो थांबला. यमदूत म्हणाला, चला. धर्म आणि इंद्र स्वतः न्यायला आले, तरी तो हलेना. माझ्यापाशी पुण्य किती आहे, एवढंच त्याने विचारलं. धर्माने सांगितलं, समुद्रातले थेंब, आकाशातले तारे मोजता येत नाहीत, तसं ते मोजता येत नाही. राजा म्हणाला, मग त्या पुण्याने हे सगळे सुटोत.

आणि आम्ही सुटलो, सुमती बापाला सांगतो. राजाला विष्णू घेऊन गेला. आम्ही मात्र ज्याच्या त्याच्या कर्मात लिहिलेल्या पुढच्या जन्मांना गेलो.